श्रावस्तीची फुंकणी आणि आमसुलाचं पाणी

मी एक जुनी फुंकणी आहे. मित्रांनो, फुंकणी म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांपुढे चुलीजवळची ती जाडजूड लोखंडी नळी उभी राहिली असेल, तर आधी तिला बाजूला ठेवा. ती माझी लांबची नातेवाईक. मनाने चांगली, पण सदा राखेत लोळणारी. मी सोनारकामातली फुंकणी. पितळेची, वीतभर लांब, एका टोकाला रुंद आणि दुसऱ्या टोकाला हळूच वाकलेली. माझं रुंद तोंड कारागिराच्या ओठांत असतं आणि बारीक तोंड दिव्याच्या ज्योतीपाशी. कारागीर फुंकतो, आणि ती मोठी, पिवळी, आळशी ज्योत एकदम निळी आणि टोकदार होऊन मी सांगेन तिकडे वळते. म्हणजे खरं तर कारागीर सांगेल तिकडे. पण इतकी वर्षं काम केल्यावर थोडी बढाई मारायला काय हरकत आहे?

मला तोंडं दोन आहेत, पण बोलता एकातूनही येत नाही. याचं मला आयुष्यात एकदाच फार वाईट वाटलं. ती हकीकत पुढे येईलच.

माझा जन्म कोल्हापूरचा. एका तांबटाने पितळी पत्रा गोल वळवून मला घडवलं आणि केशवरावांनी मला विकत घेतलं. केशवराव जातीने आणि धंद्याने सोनार, पण पेढीवर बसण्याऐवजी ते एका हस्तकलेच्या शाळेत दागिने घडवायला शिकवायचे. त्यांचा एक हट्ट होता. ज्याने चित्र काढलं त्यानेच तो दागिना शेवटपर्यंत घडवायचा. एकाने आखायचं, दुसऱ्याने कापायचं आणि तिसऱ्याने चकाकी द्यायची, हे त्यांना मुळीच खपत नसे. हातोडीचे बारीक ठोके घासून पुसून टाकणाऱ्या मुलाला ते विचारायचे, "का रे, स्वतःच्या हाताची लाज वाटते?" मुलगा मान खाली घालायचा आणि ठोके तसेच राहायचे.

एका वर्षी त्यांच्या वर्गात सोळा मुलगे आणि एक मुलगी आली. तिचं नाव श्रावस्ती. वडील एसटीच्या वर्कशॉपमध्ये फिटर होते. घरात सोनं म्हणाल तर आईच्या गळ्यातले चार मणी. पण या मुलीला सायकलच्या जुन्या तारेतूनही फुलं वळवता यायची. पहिल्या दिवशी केशवरावांनी प्रत्येकाला पाण्याचा पेला आणि पपईच्या पानाचा पोकळ देठ दिला. नाकाने श्वास घ्यायचा, गालांत हवा धरून ठेवायची आणि देठातून सोडत राहायची. पेल्यातले बुडबुडे क्षणभरही थांबता कामा नयेत. कारण दागिना झाळताना, म्हणजे दोन तुकडे ज्योतीने जोडताना, श्वास तुटला की ज्योत तुटते आणि ज्योत तुटली की सांधा कच्चा राहतो. सगळी मुलं ठसकली. श्रावस्तीही ठसकली. तिने आठ दिवस घरी सराव केला. नवव्या दिवशी वर्गात तिचे बुडबुडे सुरू झाले, केशवरावांचा चहा आला, गार झाला, त्यावर साय धरली, तरी ते थांबले नाहीत.

पुढे केशवरावांना दम्याने गाठलं. शाळा सोडताना त्यांनी मला श्रावस्तीच्या हातात दिलं. आता मित्रांनो, फुंकणी ही ओठांत धरायची वस्तू. आणि श्रावस्तीचं घर बौद्ध. कुणी कुणाच्या पेल्यातलं पाणी प्यावं, याचेही नियम मानणारी माणसं तेव्हा गल्लोगल्ली होती, आजही असतील. केशवरावांच्या गल्लीत कुजबुज झालीच. आपल्या तोंडची फुंकणी तिला कशी काय दिलीत, असं एका शेजाऱ्याने विचारलं. केशवराव म्हणाले, "फुंकणीला तोंड कुणाचं ते कळत नाही. दम कळतो." मला हे अगदी पटलं. श्रावस्तीने मला पदराने पुसून लगेच ओठांत धरलं, आणि त्या पहिल्याच फुंकेत मी ओळखलं की आपण चांगल्या घरी पडलो.

लग्न झाल्यावर श्रावस्ती बहारीनला आली. तिचा नवरा समाधान चिपळूणकडचा. तो मीना सलमान बंदराजवळ बोटींची इंजिनं दुरुस्त करणाऱ्या एका वर्कशॉपमध्ये टेक्निशियन होता. मनामा शहराच्या नईम भागात, एका बेकरीच्या वर, दोन खोल्यांचा फ्लॅट. हॉलमध्ये बुद्धांचा आणि बाबासाहेबांचा फोटो, खिडकीत एक घरघरता एसी आणि खाली दिवसभर खुबूस, म्हणजे तिथली रोटी, भाजल्याचा वास. हे १९९२ साल. मी मात्र स्वयंपाकघरातल्या खणात, लाटणं आणि बाटलीची झाकणं उघडायची चावी यांच्यामध्ये पडून होते. श्रावस्तीचं घर लागायचं होतं, भाषा कळायची होती, आणि काम काय करायचं याचा पत्ता नव्हता. दोन वर्षं अशी गेली. तिथली हवा खारट आणि दमट. माझ्या अंगावर हिरवे डाग उठले. एकदा समाधानने मला बाहेर काढून मोरीचा पाइप मोकळा करायला घेतलं होतं. श्रावस्तीने वेळेत पाहिलं म्हणून वाचले, नाहीतर ही गोष्ट तुम्हाला मोरीतून ऐकावी लागली असती.

मग तिला मनामाच्या सोनेबाजारात मुनाफशेठच्या कारखान्यात दुरुस्तीचं काम मिळालं. मुनाफशेठ माणूस वाईट नव्हे, फक्त सदा घाईत. त्याच्याकडे साच्यातून एकसारखी शंभर कर्णफुलं निघायची आणि गॅसची टॉर्च दिवसभर घोंघावत असायची. मला पाहून तो हसला आणि हे म्युझियममध्ये दे म्हणाला. मी रागावले, पण माझ्या रागाचा आवाज येत नाही.

तरीही श्रावस्तीने हट्ट सोडला नाही. नाजूक काम ती घरी आणायची. स्वयंपाकघराच्या खिडकीपाशी तिने एक टेबल लावलं, त्यावर जाड वातीचा दिवा आणि मी. एसीच्या वाऱ्याने ज्योत हलते, म्हणून काम करताना ती एसी बंद करायची. बहारीनच्या उन्हाळ्यात एसी बंद करणं म्हणजे काय, ते समाधानला विचारा. तो बनियन काढून गॅलरीत जाऊन बसायचा आणि आपली बायको भट्टीत राहते असं शेजाऱ्यांना सांगायचा. पण दागिना पुरा झाला की पहिल्यांदा बघायला तोच यायचा.

काय काय घडवलं तिने! खजुरीच्या झावळीची चांदीची टाचणी. पिंपळपानाची कर्णफुलं, त्यात दोन्ही पानं सारखी नाहीत, कारण झाडावरही नसतात. बंदरावरच्या दोरखंडाची गाठ पाहून केलेली अंगठी. सगळ्यांवर हातोडीचे ठोके स्पष्ट. मुनाफशेठने त्या वस्तू कारखान्याला लागून असलेल्या आपल्या दुकानात, कपाटाच्या कोपऱ्यात ठेवल्या, खपणार नाहीत अशा खात्रीने. एक दिवस आबिदा नावाच्या बाई दुकानात आल्या. वय पन्नाशीचं, काळा अबाया, मुलींच्या शाळेत शिक्षिका. त्यांनी ती झावळीची टाचणी उचलली आणि तिच्यावरच्या ठोक्यांवरून अंगठा फिरवत राहिल्या. हे कुणी केलं, असं त्यांनी विचारलं. मुनाफशेठने श्रावस्तीकडे बोट दाखवलं. बाई टाचणी विकत घेऊन गेल्या. महिनाभराने त्या पुन्हा आल्या, त्या थेट श्रावस्तीकडे. मला त्या दिवशी आपल्या जन्माचं सार्थक झालं असं वाटलं.

आता ती गोष्ट.

१९९६ सालचा ऑक्टोबर. आबिदाबाईंनी रुमालात बांधून एक सोन्याचं पदक आणलं. गोल, पातळ, जुन्या घडणीचं, आणि मधोमध टपोऱ्या हरभऱ्याएवढा एक मोती. त्यांचे आजोबा समुद्रात बुडी मारून मोती काढणारे होते. तो मोती त्यांच्या हातचा. आबिदाबाईंच्या आईने तो लग्नात घातला होता, मग आबिदाबाईंनी, आणि आता येत्या गुरुवारी त्यांच्या मुलीचं लग्न होतं. पदकाची वरची कडी तुटली होती. चार दुकानांत गॅसच्या टॉर्चशिवाय काही नव्हतं आणि ते पातळ पदक टॉर्चखाली वितळेल अशी बाईंना भीती होती. मुंबईला येऊन-जाऊन असलेल्या घरातल्या त्या, त्यांना हिंदी येत होतं. "आपका हाथ देखा है, इसलिए लाई," एवढंच त्या म्हणाल्या.

शनिवारी श्रावस्ती पदक घेऊन घरी आली. रविवारी सकाळी तिने पदक हलकेच ऊब देऊन कोंदणातली लाख सैल केली आणि मोती काढून कापसावर, एका वाटीत ठेवला. मग मला ओठांत धरलं. सांधा नीट धरावा म्हणून टाकणखार लावला, ज्योत वळवली आणि कडी अशी जोडली की सांधा शोधूनही सापडू नये. मी खूश होते. झाळल्यावर धातू काळवंडतो, म्हणून तो आंबट पाण्यात टाकतात. मुनाफशेठकडे त्यासाठी तेजाब असायचं. घरी श्रावस्ती आमसुलाचं पाणी वापरायची. आमसुलं तिच्या सासूबाईंनी, लीलाबाईंनी, चिपळूणहून पिशवीभर आणली होती. त्या तीन महिन्यांच्या व्हिजिट व्हिसावर मुलाकडे आल्या होत्या. पण पदक पाण्यात टाकण्याआधीच मुनाफशेठचा फोन आला. एका गिऱ्हाइकाच्या बांगड्यांचं काम अडलं होतं, ताबडतोब ये. श्रावस्तीने घाईघाईत गार झालेलं पदक मोत्याच्याच वाटीत ठेवलं, एसी लावला आणि गेली.

लीलाबाई स्वयंपाकघरात आल्या. सून रोज राबते, परदेशात दोन हातांनी किती करणार, आपण नुसतं बसून खातो, असं त्यांच्या मनाला लागून राहिलं होतं. त्यांनी वाटीत पाहिलं. काळवंडलेलं पदक, जवळ जरासा पिवळसर मोती. सून झाळलेली प्रत्येक वस्तू आमसुलाच्या पाण्यात टाकते, हे त्या महिनाभर पाहत होत्या. गावाकडे त्यांनी स्वतः पितळेची भांडी आमसुलाने घासून आरशासारखी केली होती. त्यांनी मोठ्या मायेने एका भांड्यात दाट पाणी केलं आणि पदक आणि मोती दोन्ही त्यात सोडले.

मित्रांनो, मोत्याला आंबट चालत नाही. सोन्याला चालतं, चांदीला चालतं, पितळेला तर फारच चालतं, पण मोती आंबट पाण्यात झिजतो. हे मला माहीत होतं. मी त्या भांड्यापासून चार बोटांवर पडले होते. दोन तोंडं असून मी गप्प होते. लीलाबाई शेजारच्या खोलीत आडव्या झाल्या, त्यांचा डोळा लागला, आणि दुपारपासून संध्याकाळपर्यंत मी त्या लाल पाण्याकडे बघत राहिले. इतकं असहाय मला मोरीच्या वेळीही वाटलं नव्हतं.

श्रावस्ती आली तेव्हा लीलाबाई कौतुकाने भांडं घेऊन समोर आल्या. पदक लखलखत होतं. मोती खडूसारखा झाला होता, वर फिकट गुलाबी डाग. श्रावस्ती खाली बसली. लीलाबाईंना तिच्या चेहऱ्यावरूनच कळलं.

"तू रोज सगळं त्यातच टाकतेस ना बाय," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "म्हणून मीपण टाकलं."

श्रावस्ती त्यांच्यावर ओरडली नाही. ओरडण्याएवढा श्वासच तिच्याकडे नव्हता. मोत्याला काय चालत नाही हे आपण घरात कधी सांगितलंच नाही, शिवाय पदक आणि मोती एका वाटीत आपणच ठेवले, हे तिला आठवलं. पण आठवून काय उपयोग? गुरुवारी लग्न होतं. आबिदाबाईंनी तक्रार केली तर मुनाफशेठचा कारखाना अडचणीत येणार होता आणि तिची नोकरी जाणार होती. त्याहून मोठं म्हणजे तो मोती. त्यांच्या घराला तो दुसरा कुठून मिळणार?

सोमवारी सकाळी तिने मुनाफशेठला मोती दाखवला. त्याचा चेहरा पडला. त्याने दार लोटून घेतलं.

"तेल लगा के दे दो," तो म्हणाला. "शादी तक चमकेगा. बाद में कौन देखता है?"

मी तिच्या पर्समध्ये होते, सवयीने तिने मोत्याच्या डबीबरोबर मलाही टाकलं होतं. मला तिचा श्वास ऐकू येत होता, तुटक, नवशिक्यासारखा. घरून निघताना लीलाबाईंनी तिचा हात धरून सांगितलं होतं, म्हातारीने केलं म्हणून सांग, माझं नाव घे, मी गावी निघून जाईन. मार्ग दोन होते आणि दोन्ही सोपे होते.

"मैं देखूँगी," ती मुनाफशेठला म्हणाली, आणि उठली.

आबिदाबाईंच्या घरी लग्नाची गडबड होती. दारात खोकी, आत मुलींचा गलका. श्रावस्तीने त्यांना बाजूला घेतलं, डबी उघडली आणि जसं झालं तसं सांगितलं. फक्त लीलाबाईंचं नाव घेतलं नाही. आमच्या घरात झालं, चूक माझी, असं म्हणाली. आबिदाबाईंनी मोती तळहातावर घेतला. रागावल्या नाहीत, आणि तेच बघवेना. तो खिडकीच्या उजेडात धरून त्या म्हणाल्या.

"मेरे दादा एक साँस में नीचे गए थे इसके लिए."

मित्रांनो, मी श्वासावर जगणारी वस्तू. ज्या मोत्यासाठी एका माणसाने पाण्याखाली श्वास धरला, तो आमच्या घरात आमसुलाच्या पाण्यात खलास झाला. आबिदाबाईंनी रुमालाने डोळे टिपले, अबाया अंगावर घेतला आणि श्रावस्तीला सोबत चल म्हणाल्या.

टॅक्सीने पूल ओलांडून आम्ही मुहर्रक बेटावरच्या जुन्या वस्तीत आलो. तिथे एका लहानशा खोलीत हाजी जासिम नावाचे म्हातारे गृहस्थ राहायचे. ऐंशीच्या पुढचे, मोत्यांचे जुने व्यापारी. तरुणपणी वडिलांबरोबर मुंबईत मोती विकायला राहिले होते, त्यामुळे त्यांचं हिंदी मुंबईच्या जुन्या बाजारातलं. त्यांनी गुडघ्यावर लाल कापड पसरलं, त्यावर मोती ठेवला आणि भिंगातून पाहिलं.

"खट्टा किसने पिलाया इसको?" त्यांनी विचारलं.

"हमारे घर में हुआ. गलती मेरी है," श्रावस्ती म्हणाली.

हाजींनी तिच्याकडे एकदा नीट पाहिलं. मग सांगितलं की मोती थरांचा असतो, समुद्रात एकावर एक थर चढत जातो. वरचा मेला असेल तर तो सोलून काढता येतो. पण आतला थर जिवंत असेल का, तिथे डाग असेल का, की सगळाच मोती हातात फुटेल, हे आधी कुणालाच सांगता येत नाही. हे काम त्यांनी सहा वर्षांत केलेलं नव्हतं. "छीलना पड़ेगा," ते आबिदाबाईंना म्हणाले. "अंदर क्या है, अल्लाह जाने. बोलो, छीलूँ?"

आबिदाबाईंनी श्रावस्तीकडे पाहिलं. दिवसभरात पहिल्यांदाच. मग त्या म्हणाल्या, "छीलो."

म्हाताऱ्या हाजींचे हात चहाचा पेला धरताना थरथरत होते. पातळ पात्याची सुरी हातात आली आणि थरथर थांबली. कांद्याचा पापुद्रा निघावा तसा एक पापुद्रा निघाला. खालीही खडू. दुसरा पापुद्रा निघाला. खाली गुलाबी डाग अजून तसाच. श्रावस्तीने पर्स छातीशी इतकी घट्ट धरली होती की माझी बाजू चेपते की काय असं मला वाटलं. हाजी थांबले, डोळे मिटून बसले, चहा प्यायले. आबिदाबाईंच्या ओठांची हालचाल चालली होती. मग हाजींनी तिसऱ्यांदा सुरी लावली, फार हळू, जवळजवळ लावली नाही इतकी हळू, आणि मोती फिरवत राहिले, फिरवत राहिले. किती वेळ ते मला सांगता येणार नाही. शेवटी ते उठले, मोती घेऊन दारात उन्हात गेले आणि आम्हाला बाहेर बोलावलं.

"देखो," ते म्हणाले. "अंदर और है."

मोती चमकत होता. पूर्वीपेक्षा लहान, पण पूर्वीपेक्षा नितळ. इतक्या वर्षांत चढलेली पिवळसर छटासुद्धा गेली होती. आबिदाबाई आधी हसल्या, मग रडल्या, मग दोन्ही एकदम करू लागल्या. त्यांनी श्रावस्तीच्या खांद्यावर हात ठेवला. आणि श्रावस्तीने श्वास सोडला. काल संध्याकाळपासून अडकलेला तो श्वास एवढा लांब होता, की मी ओठांत असते तर ज्योत त्या म्हाताऱ्यांच्या दाढीपर्यंत गेली असती. मला तर नाचावंसं वाटलं. पर्समध्ये जागा नव्हती.

पण काम संपलं नव्हतं. हरभऱ्याएवढा मोती आता तुरीच्या दाण्याएवढा झाला होता आणि जुन्या कोंदणात खुळखुळत होता. त्याच्यासाठी आतून सोन्याचं नवं, बारीक कडं घडवून झाळायला हवं होतं. हातात मंगळवार आणि बुधवार. मोती या वेळी आबिदाबाईंनी आपल्याकडेच ठेवला. श्रावस्ती म्हणाली, बरोबर आहे.

मंगळवारी तिने कडं घडवलं. बुधवारी सकाळी झाळायला बसली, तर फुंकच धड येईना. मला ओठांत धरलं की तिला ते लाल पाणी आठवायचं, ओठ थरथरायचे आणि ज्योत भरकटायची. त्यात एसी बंद असूनही गॅलरीतून वारा येत होता. लीलाबाई आतल्या खोलीत होत्या. रविवारपासून त्या धड जेवल्या नव्हत्या. मोती वाचल्याचं कळल्यावर त्या रडल्या, पण स्वयंपाकघराचा उंबरा त्यांनी ओलांडला नाही. त्यांची पिशवी बांधलेली होती आणि समाधानला त्यांनी तिकिटाचं बघायला सांगितलं होतं.

श्रावस्तीने मला खाली ठेवलं. "आई," तिने हाक मारली, "वारा येतोय. जरा पेपर धरता का?"

"मी नको गो," लीलाबाई आतूनच म्हणाल्या. "माझा हात नको लागायला."

"तुमचा हात कुठे लागतोय? पेपर लागेल."

लीलाबाई आल्या. गॅलरीच्या बाजूला, दिव्याच्या आड दोन्ही हातांनी पेपर उभा धरून बसल्या. कपाळावरून घाम ओघळत होता, पण पुसायला त्यांनी हात सोडला नाही. ज्योत सरळ झाली. श्रावस्तीने नाकाने श्वास घेतला, गाल भरले, आणि माझ्यातून जी हवा वाहू लागली ती कोल्हापूरच्या वर्गात वाहायची तशी होती, न तुटता. निळं टोक त्या बारीक सोन्याभोवती हळूहळू फिरलं. जोडासाठी लावलेली झाळ वितळली, चमकली आणि सांध्यात पळाली. लीलाबाई पेपरच्या कडेवरून डोकावून बघत होत्या.

"झालं?" त्यांनी विचारलं.

"झालं," श्रावस्ती म्हणाली, आणि दोघी एकदम हसायला लागल्या. समाधान घाबरून गॅलरीतून आत आला. घरात तीन दिवसांनी कुणी हसलं होतं.

नव्या कड्यावर हातोडीचे ठोके दिसत होते. जुनं पदक गुळगुळीत आणि मध्ये हे ठोक्यांचं कडं. संध्याकाळी आबिदाबाईंपुढे श्रावस्तीने मोती बसवला आणि विचारलं की हे ठोके घासून जुन्यासारखं करून देऊ का. आबिदाबाईंनी त्यावर अंगठा फिरवला, त्या टाचणीवर फिरवला होता तसा.

"रहने दो," त्या म्हणाल्या. "बेटी पूछेगी तो बताऊँगी."

गुरुवारी लग्नाला त्यांनी श्रावस्तीला आणि लीलाबाईंना आग्रहाने बोलावलं. मी गेले नाही, मला कोण नेणार? पण लीलाबाईंनी परत आल्यावर इतक्या वेळा सांगितलं की मीही जाऊन आल्यासारखीच आहे. त्यांनी हिरवं नऊवारी नेसलं होतं. नवरीने स्वतः जवळ येऊन त्यांना गळ्यातलं पदक दाखवलं. लीलाबाईंनी दोन्ही हात पाठीमागे धरून ते पाहिलं. समाधानने तिकिटाचं विचारलं तेव्हा व्हिसा संपेपर्यंत राहते म्हणाल्या.

शुक्रवार सुट्टीचा. एसी लावलेला होता, बेकरीतून गरम खुबूस आलं होतं. श्रावस्तीने टेबल आवरायला घेतलं आणि मला उचलून नीट पाहिलं. काळी पडलेली, हिरवे डाग, ओठांची बाजू तेवढी स्वच्छ. बहारीनला आल्यापासून कुणी मला घासलं नव्हतं. खरं सांगू, मला त्याचं मनात फार होतं. इतक्या जणांच्या दागिन्यांना चमक आली, आणि मी आपली तशीच. लीलाबाई दारात उभ्या होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आमसुलांच्या बरणीकडे पाहिलं, आणि पुन्हा माझ्याकडे. हात पुढे केला नाही.

"बाय," त्यांनी विचारलं, "हिला चालतं का गो?"

श्रावस्तीने मला त्यांच्या हातात दिलं. "हिला चालतं, आई. पितळ आहे."

मित्रांनो, मला लाल पाण्यात बुडवलं, चिंध्यांनी घासलं, दोन्ही तोंडं आतून धुतली आणि मी कोल्हापूरच्या तांबटाच्या हातून सुटले होते तशी पिवळीधमक झाले. त्या एवढ्याशा फ्लॅटमध्ये माझ्याहून सुखी कुणी नव्हतं. लीलाबाई सोडून.

माझं तुमच्याकडे फार मोठं मागणं नाही. घरातल्या वस्तू जपा, त्यांना काय चालतं आणि काय चालत नाही ते घरातल्या सगळ्यांना सांगून ठेवा, आणि चूक झालीच तर तेल लावून झाकू नका. मायेने घासायला घेतलेली वस्तू आधी एकदा दाखवून विचारा. वस्तूंना बोलता येत नाही हो, दोन तोंडं असली तरी. मला मात्र खुशाल आमसुलाच्या पाण्यात बुडवा. फक्त लीलाबाईंसारखं आधी विचारा.